बूटवाले आप्पा, किंग्स्टनचे क्लार्क्स आणि 'आपलं' पायताण

तापीकाठ (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. तीन वर्षं वाचनमात्र होतो, आज पहिलाच धागा काढतोय. लांबला तर सांभाळून घ्या.

मी मूळचा अमळनेर तालुक्यातला, सध्या कामानिमित्त इंग्लंडात ब्रिस्टलला आहे. शेजारी एक निवृत्त बस ड्रायव्हर राहतात, वय सत्तरीच्या पुढे, घराणं जमैकाचं. दर रविवारी चर्चला जायच्या आधी ते दाराच्या पायरीवर बसतात आणि जुन्या टूथब्रशने बूट साफ करतात. बूट मऊ, लव असलेल्या चामड्याचे, वाळूच्या रंगाचे. पॉलिश नाही, पाणी नाही, नुसता ब्रश. एकाच दिशेने. आपल्याकडे देवाचे टाक घासताना म्हातारी माणसं जशी घाई करत नाहीत, अगदी तसं.

एकदा मी विचारलं, "नवीन घेतले का?" म्हणाले, "माझ्या मुलापेक्षा जुने आहेत. हे आमचे जमैकाचे बूट." मी आत बघितलं तर शिक्का क्लार्क्सचा! हे क्लार्क्स म्हणजे इथून तासाभरावर सॉमरसेट परगण्यात स्ट्रीट नावाचं गाव आहे, तिथले. १८२५ साली सायरस आणि जेम्स क्लार्क या दोन क्वेकर (एक ख्रिस्ती पंथ) भावांनी मेंढीच्या कातड्याच्या धंद्यातून सुरू केलेली पेढी. मला हसू आलं. म्हातारबुवांना ते आवडलं नाही. दोन दिवस बोलले नाहीत, तिसऱ्या दिवशी चहाला बोलावून सगळा इतिहास ऐकवला. नंतर मीही थोडं वाचलं.

गोष्ट मजेशीर आहे. क्लार्क घराण्यातला नेथन क्लार्क दुसऱ्या महायुद्धात ब्रह्मदेशात होता. उत्तर आफ्रिकेच्या आघाडीवरून आलेल्या अधिकाऱ्यांच्या पायांत त्याला कैरोच्या बाजारात बनवून घेतलेले साधे, क्रेप रबराच्या तळव्याचे बूट दिसले. कैरोच्या बुटांची मुळं लोक दक्षिण आफ्रिकेतल्या डच शेतकऱ्यांच्या बुटांपर्यंत नेतात. नेथनने त्यावरून 'डेझर्ट बूट' काढला. घरच्यांना तो फारसा पसंत नव्हता. १९४९ साली शिकागोच्या प्रदर्शनात मांडला आणि तिथून चालला. म्हणजे 'अस्सल इंग्रजी' बूटसुद्धा कैरोमार्गे, ब्रह्मदेशमार्गे आलेला.

आता जमैका. ६ ऑगस्ट १९६२ ला देश स्वतंत्र झाला. त्याच्या आधीपासूनच तिथले लोक कामासाठी इंग्लंडला येत होते आणि परत जाताना नातेवाइकांसाठी हे बूट नेत होते. राजधानी किंग्स्टनच्या गल्ल्यांतल्या पोरांनी, ज्यांना तिथे 'रूड बॉय' म्हणत, ते उचलले. महाग होते, म्हणून पोलिसांना वाटायचं की ज्याच्या पायात क्लार्क्स तो चोरच. एका मॉडेलला तर लोकांनी 'बँक रॉबर' असं नाव पाडलं. मग गाणाऱ्यांनी घातले, त्यांच्यावर गाणी झाली, २०१० साली एक गाणं इतकं चाललं की दुकानांतले बूट संपले. ज्या देशाने तीनशे वर्षं राज्य केलं त्याच देशाचा बूट, आणि तो आज जमैकन असल्याची खूण.

आता माझा मुद्दा. आमचे आजोबा, आप्पा, जिनिंग फॅक्टरीत गुमास्ता होते. गावात सगळे धोतर-वहाणावाले, एकटे आप्पा धोतरावर तपकिरी विलायती बूट घालायचे. पंचक्रोशीत नावच पडलं, 'बूटवाले आप्पा'. आम्ही अजून 'बूटवाल्यांच्या घरचे' आहोत. आडनाव सांगितलं तर लोक विचारात पडतात, बूटवाले म्हटलं की लगेच "हां हां, चावडीमागचं घर." एका परक्या बुटाने आमच्या घराला ओळख दिली.

तर प्रश्न असा: खान्देशाचं म्हणावं असं पायताण कोणतं? आणि बाहेरून आलेलं कोणतं आपलं झालं, कसं झालं?

---

भरीतपार्टी

जिभाऊ, पहिलाच धागा आणि थेट बुटात पाय. वाचतोय.

खान्देशाचं पायताण म्हणाल तर अनवाणी पाय. चैत्रात डांबरावर चालून दाखवावं कोणीही.

---

भुसावळ_जंक्शन

मस्त धागा. आमच्याकडे बूट म्हणजे रेल्वे. आजोबा लोको शेडला फिटर. काळे, जाड, टाचेला लोखंडी नाल, तळव्याला खिळे. आम्ही त्यांना 'अ‍ॅम्युनेशन बूट' म्हणायचो. नाव खरं लष्करातलं, पण बुटाचा बंदुकीच्या गोळीशी काय संबंध असा प्रश्न कोणाला पडला नाही. पहाटेच्या पाळीला आजोबा निघाले की क्वार्टरच्या फरशीवर खट-खट-खट. आजी म्हणायची, घड्याळ कशाला हवं.

भुसावळात माणूस ओळखायची पद्धत होती. कोट कोणीही घालेल, बुटाला नाल असेल तर रेल्वेवाला. सोयरीक बघायला आलेले लोक दाराबाहेर काढलेले बूट आधी बघत. पेन्शनीचं घर आहे की नाही ते तिथेच कळे.

आता हा बूट परका का? साचा इंग्रजी लष्कराचा. पण तसे बूट कानपूरला ढिगाने बनत होते, कातडं इथलं, हात इथले. आयात झाला तो आकार. आणि शिस्त. ती मात्र आजोबांच्या पायातून घरात आली आणि आम्हा सगळ्यांना पुरून उरली.

---

व्याकरणकाका

थोडं अवांतर, पण मला राहवत नाही.

'परकं पायताण' म्हणताना शब्द तपासा. 'पायताण' म्हणजे पादत्राण आणि 'वहाण' म्हणजे संस्कृत उपानह, हे दोन घरचे. पुढे सगळी आयात. 'पैजार' फारसी, भांडणात 'जोडे-पैजार' झाली असं आपण म्हणतो तेव्हा अर्धी मारामारी फारसीत होते. 'मोजा' तर गंमतच, फारसीत 'मोजा' म्हणजे बूट. आपल्याकडे येईपर्यंत तो बुटाच्या आत गेला. 'सपाता' पोर्तुगीज 'सापातो'वरून. 'बूट', 'सँडल', 'स्लिपर' सांगायला नकोत. पायात काय घालायचं हे या देशात कायम बाहेरून आलेल्याने ठरवलं, आणि आपण त्याला विभक्ती-प्रत्यय लावून घरात घेतलं. 'बुटाला', 'बुटाने', 'बुटात'. एकदा सामान्यरूप झालं की शब्दाचं नागरिकत्व पक्कं.

---

भरीतपार्टी

काका, 'चप्पल'?

---

व्याकरणकाका

चपलेवर वेगळा धागा काढावा लागेल. त्यात पडलो तर हा धागा चोरीला जाईल, देवळाबाहेरच्या चपलेसारखा.

---

कानबाईची_लेक

हाऊ धागा वाचीसन माले मनी माय याद उनी. पुढचं मराठीत लिहिते, नाहीतर पुण्याची मंडळी भाषांतर मागतील.

सगळे पुरुष बुटांवर बोलत आहेत. बायकांच्या पायात काय होतं ते कोणी लिहिलं नाही, कारण बहुतेक वेळा काहीच नव्हतं. माझी आजी धरणगावकडची. सांगायची की सासरी मोठ्या माणसांसमोरून चपला घालून जायचं नाही. शेतातून येताना चपला पायात, गावाची वेस आली की हातात, चावडी ओलांडली की पदराखाली, आणि घरात शिरताना कोपऱ्यात अशा ठेवायच्या की दिसू नयेत. काळी माती तापते तेव्हा वाफ लागते पायाला, हे कापूस वेचलेल्या बाईला सांगायला नको. तरी हातात.

आमच्याकडे पहिल्यांदा बायकांच्या पायात कायमचं काय आलं तर ती निळ्या पट्ट्याची रबरी स्लिपर, 'हवाई'. कातडी वहाण पावसात कुजते, चिखलात जड होते, महागही पडते. स्लिपर धुतली की झाली. पट्टा तुटला तर बदलता येतो, नवीन नसेल तर सेफ्टी पिन. माझ्या आईच्या मंगळसूत्राच्या शेजारी दोन पिना कायम अडकवलेल्या, एक पदरासाठी, एक स्लिपरसाठी.

आता ही हवाई कुठली? जपानात गवताच्या, भाताच्या काडाच्या 'झोरी' नावाच्या सपाता असतात, अंगठ्यात पट्टा असलेल्या. त्यांचा रबरी अवतार म्हणजे ही. ब्राझीलमध्ये १९६२ साली निघालेल्या स्लिपरचं नावच 'हवायानास', म्हणजे हवाईवाल्या. तिच्या तळव्यावर तांदळाच्या दाण्यासारखी नक्षी असते, ती झोरीची आठवण. आणि तिथेही ती आधी गरीब कामगारांची, मग देशाची खूण. म्हणजे जपानची काडाची चप्पल, हवाईचं नाव, केरळचं रबर आणि पायात जळगाव जिल्ह्यातली कापूस वेचणारी बाई.

माझ्या आईने ती चावडीवरून पहिल्यांदा पायात घालून नेली तेव्हा कोणी काही बोललं नाही. का? कारण तिला कोणी 'चप्पल' समजलंच नाही. "रबरी शे, काय व्हस" (रबरी आहे, काय होतंय) म्हणाले. कातडी वहाण घालून गेली असती तर चर्चा झाली असती.

---

तापीकाठ

ताई, हा शेवटचा परिच्छेद वाचून थांबलो. हा विचार माझ्या डोक्यातच आला नव्हता. परकी वस्तू गावाच्या नियमांत बसत नाही म्हणून सुटते.

---

रोकडा_हिशेब

मला हा सगळा भावनिक मामला वाटतोय. जमैका काय, जळगाव काय, महाग वस्तू घातली की माणूस मिरवतो. पुढे त्याला 'सांस्कृतिक ओळख' म्हणतात. कंपनीला फुकट जाहिरात. माझा पुतण्या कॉलेजला जातो, त्याच्या पायात टिकमार्कवाले बूट. टिकमार्क उलटा आहे. हीसुद्धा संस्कृती का?

---

भरीतपार्टी

उलटा टिकमार्क ही अस्सल खान्देशी संस्कृती आहे, अपमान करू नका.

---

निळी_पायवाट

रोकडा_हिशेब, महाग वस्तू मिरवणं एवढंच नसतं. कानबाईची_लेक यांनी दार उघडलंच आहे तर मी आत येतो.

आमचं गाव शिंदखेडा तालुक्यात. नाव लिहीत नाही, अजून नातेवाईक राहतात. पणजोबांच्या वेळी आमच्या वस्तीतल्या माणसाने गावातून जाताना पायात काही घालायचं नाही असा रिवाज. मेलेलं जनावर ओढायचं एका वस्तीने, कातडं कमवून जोडा शिवायचा दुसरीने, आणि जोडा घालून चालायचं तिसऱ्यानेच. 'पायातली वहाण पायातच बरी' ही म्हण आमच्याबद्दल वापरत, आमच्या समोर.

गावातल्या प्रत्येक जोड्याला जात होती. करकर वाजणारा जोडा पाटलाचा. वाण्याचा वेगळा. गोंडा कोणी लावायचा, कोणी नाही, हे ठरलेलं. बुटाला मात्र जात नव्हती, कारण तो गावात शिवलेलाच नव्हता. माझे वडील शिक्षक झाले तेव्हा पहिल्या पगारात त्यांनी काळे लेसचे बूट घेतले. धुळ्याहून एसटीने आले, फाट्यावर उतरले, रुमालाने पुसले आणि गावाच्या मधल्या रस्त्याने घरी गेले. मागच्या वाटेने नाही. आजी सांगायची की त्या दिवशी तिने दार लावून घेतलं होतं, आता काय होतंय या भीतीने. काही झालं नाही. एका म्हाताऱ्याने फक्त विचारलं, "मास्तर झाला का रे?" 'रे' होताच. पण 'मास्तर'ही होतं.

आता बाबासाहेबांचा कोणताही पुतळा आठवा. निळा कोट, टाय, हातात राज्यघटना, एक हात वर. आणि पायात बूट. गावातला हौशी कारागीर सिमेंटचा पुतळा करतो, नाक-डोळे जमत नाहीत, पण बूट विसरत नाही. आमच्याकडे १४ एप्रिलच्या आदल्या रात्री पुतळा रंगवतात, बुटाचा काळा रंग शेवटी, आणि तो लावायचा मान पोरांमध्ये भांडून घेतला जातो. १९१३ साली अमेरिकेत कोलंबिया विद्यापीठात गेलेल्या, लंडनला शिकलेल्या माणसाचा तो पोशाख. साहेबाची नक्कल म्हणून काही लोक हसत. बाबासाहेबांना पोशाखाचं राजकारण नीट कळत होतं. १९२७ च्या डिसेंबरात महाडला त्यांनी बायकांना सांगितलं होतं की साडी नेसायची पद्धत बदला, तुमची जात कपड्यावरून ओळखू येता कामा नये.

धुळ्याजवळ लळिंगच्या किल्ल्याकडे लांडोर बंगला आहे. ३१ जुलै १९३७ ला बाबासाहेब तिथे आले होते, म्हणून दर ३१ जुलैला तिथे माणसं लोटतात. ऐन पावसाळा, चढ, चिखल. वडील कॅनव्हासचे बूट घालून जा म्हणून सांगितलं तरी ऐकत नसत. काळे लेसचेच. घरी आले की चिखल सुकू देऊन ब्रशने काढत. तापीकाठ, तुमच्या शेजाऱ्याचा टूथब्रश वाचला आणि मला तो ब्रश आठवला.

---

कानबाईची_लेक

🙏 दोनदा वाचलं.

---

रोकडा_हिशेब

निळी_पायवाट, मान्य. मी घाईत लिहिलं. एक शंका फक्त. बुटाला जात नव्हती, पण किंमत होती. ज्याला परवडत नव्हता तो पुन्हा बाहेरच ना?

---

निळी_पायवाट

होता बाहेर. पण पैसा साठवता येतो. माझ्या वडिलांनी साठवला. जात साठवून बदलता येत नव्हती.

---

खादी_आणि_खिचडी

इथे एक दुसरं टोक. फैजपूर आपल्याच जिल्ह्यात, १९३६ च्या डिसेंबरात काँग्रेसचं खेड्यातलं पहिलं अधिवेशन तिथे भरलं. आमच्या घरात त्याच्या गोष्टी अजून सांगतात. त्या काळात बूट म्हणजे परका आणि चप्पल म्हणजे स्वदेशी, असा हिशेब. पण गांधीजी चप्पल शिवायला शिकले कुठे? दक्षिण आफ्रिकेत. त्यांचे मित्र हर्मन कॅलनबाख हे जर्मन ज्यू वास्तुविशारद, ते मरियानहिलच्या ट्रॅपिस्ट ख्रिस्ती मठात जाऊन ही कला शिकले आणि त्यांनी गांधीजींना शिकवली. गांधीजींनी तुरुंगात शिवलेला एक जोड तिथल्या सरकारातल्या जनरल स्मट्सना भेट दिला, तो स्मट्सनी वापरला आणि १९३९ साली परत पाठवला.

म्हणजे मठातले युरोपी साधू, त्यांच्याकडून जर्मन ज्यू, त्याच्याकडून गुजराती वकील, आणि ती चप्पल शिवली आफ्रिकेत. स्वदेशीची खूण म्हणून आम्ही जिच्या पाया पडलो तिचा प्रवास हा असा. बाबासाहेबांचा बूट आणि गांधींची चप्पल, दोन्ही बाहेरून शिकलेल्या. भांडण पुढचं.

---

केळीची_बाग

रावेरकडचा आहे, थोडक्यात लिहितो. आमच्याकडे गमबूट आता आले, सापाच्या भीतीने आणि फवारणीच्या वेळी. आधी बागेत अनवाणी नाहीतर स्लिपर. केळीचा चीक कपड्याला लागला की जात नाही, तसा रबराला धरत नाही, म्हणून बरं.

गमबुटावरून आठवलं, दक्षिण आफ्रिकेत सोन्याच्या खाणीत पाणी साचायचं. पाणी काढण्याचा खर्च नको म्हणून मालकांनी मजुरांना गमबूट दिले. आत बोलायला बंदी. मग मजूर बुटावर थापा मारून एकमेकांना खुणा करू लागले, त्याचा नाच झाला. आज तो नाच त्यांच्या शाळांतून शिकवतात. मालकाने पाणी काढलं असतं तर नाच झाला नसता. हे चांगलं की वाईट कळत नाही.

---

पांढरे_कॅनव्हास

बाटा कोणी काढलाच नाही?! अर्ध्या महाराष्ट्राला अजून वाटतं बाटा टाटाचा भाऊ आहे. कंपनी १८९४ साली झ्लिन गावात टॉमस बाट्याने काढली, आज ते गाव चेक देशात. १९३० च्या दशकात कोलकात्याजवळ बाटानगर वसलं आणि बघता बघता शाळेचा पांढरा कॅनव्हास बूट आपला झाला.

आमची जिल्हा परिषदेची शाळा, पाचोरा तालुका. १५ ऑगस्ट, २६ जानेवारीला पांढरे बूट सक्तीचे नव्हते पण ज्याला होते तो पहिल्या रांगेत. आदल्या रात्री बूट धुवायचे, चुलीजवळ सुकवायचे, मग शाळेतून ढापलेला खडू ओला करून फासायचा. सकाळी परेडला पाय आपटला की पांढरा धुरळा. झेंडावंदन म्हटलं की मला तिरंग्याआधी तो धुरळा आठवतो. चेक माणसाचा बूट, इंग्रजी कवायत, आणि 'भारत माता की जय'.

एका वर्षी भाऊ आणि मी एकच जोड वाटून घेतला. तो प्रभातफेरीला, मी कवायतीला. मधे शाळेच्या संडासामागे अदलाबदल.

---

सातपुडा_वाट

धडगावकडे शिक्षक म्हणून बारा वर्षं आहे. काठी गावची होळी पाहायला शहरातून कॅमेरेवाले येतात. होळीत नाचणारे बावा, बुध्या, त्यांच्या कमरेला भोपळे आणि घुंगरू, डोक्यावर मोरपिसांचा टोप, अंगावर पांढरे ठिपके. सगळं बघून वेडे होतात. मग गर्दीत एखादा पावरा आदिवासी मुलगा स्पोर्ट्स शूज आणि गॉगल घालून ढोलामागे नाचताना दिसला की हळहळतात, "अरेरे, संस्कृती बिघडली."

माझा विद्यार्थी आहे असा एक. गुजरातेत ऊसतोडीला जातो, तिथल्या पैशाचे केशरी बूट घेतले. होळीला गावी येताना रात्रभर पिकअपमध्ये मांडीवर घेऊन आला, चिरडू नयेत म्हणून. त्याला मी विचारलं, "नाचताना काढत नाहीस?" म्हणाला, "सर, वर्षभर ऊसतोडीत पाय सोलतात. होळीला तरी झाकू द्या." फोटोसाठी त्याने अनवाणी राहावं असं ज्यांना वाटतं त्यांनी एकदा उसाच्या फडात चालून यावं.

---

भरीतपार्टी

सर, याला उत्तर नाही. टोपी काढली. (बूटही.)

---

पैठणी_आणि_मोजडी

आता लग्नसराईचं बोलू या का? हल्ली आपल्याकडच्या लग्नांत 'मराठमोळा लूक' म्हणून नवरदेव कोल्हापुरी घालतो. जळगाव ते कोल्हापूर अंतर बघा नकाशात. आमच्या लहानपणी नवरदेव मोजडी घालायचा, ती इंदूर-सुरतेकडून यायची. कोल्हापुरी आम्ही आधी सिनेमात पाहिली. २०१९ साली तिला भौगोलिक मानांकन मिळालं, त्यात महाराष्ट्राचे चार आणि कर्नाटकचे चार जिल्हे आहेत. आपला एकही नाही.

तरी २०२५ च्या जूनमध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडा या इटालियन कंपनीने तसल्याच चपला दाखवल्या तेव्हा आमच्या फॅमिली ग्रुपवर सगळे काका पेटून उठले, "आपली चप्पल चोरली!" काकांच्या पायात तेव्हा रबरी स्लिपर. मी स्वतःही रागावले होते. नंतर विचार केला, माझी ती कधी झाली? बहुतेक माझ्या लग्नात. आणि तेव्हाही ती चावत होती.

---

व्याकरणकाका

म्हणजे खान्देशासाठी कोल्हापुरी हीसुद्धा आयातच. धाग्याच्या शीर्षकात हे बसतंय.

---

पांढरे_कॅनव्हास

आणि लग्नातली जोडे-चोरी? आमच्याकडे कान पिळायचे. जोडे लपवून पैसे मागणं हिंदी सिनेमातून आलं.

---

पैठणी_आणि_मोजडी

आमच्या इथे चोपड्याकडे आधीपासून होतं म्हणतात. मध्य प्रदेश हाकेच्या अंतरावर. माझ्या लग्नात मेहुण्यांनी दोन्ही केलं, कानही पिळले आणि जोडेही पळवले.

---

वणीची_वाट

अनवाणीवाल्यांच्या बाजूने मी. दर चैत्रात सप्तशृंगीला पायी जातो आम्ही, धुळ्याकडून. झेंडा, डफ, 'अंबा माता की जय'. नवस असेल तर पायात काही नाही. पण आता निम्मे लोक स्पोर्ट्स शूज घालतात आणि त्यावरून दिंडीत कुजबुज असते. गेल्या वर्षी एक नवीन सूनबाई अनवाणी निघाली, मालेगावच्या अलीकडे पायाला फोड. सासूने आपले बूट काढून तिला दिले आणि स्वतः अनवाणी चालली. "नवस कोणाच्या पायाने फिटला हे देवी बघून घेईन," म्हणाली. बूट दोन नंबर मोठे होते, सून फटक फटक करत गडापर्यंत गेली. त्या बुटांवर गडावर कुंकू वाहिलं. मी पाहिलं.

---

भुसावळ_जंक्शन

@तापीकाठ, तुमच्या आप्पांनी बूट आणले कुठून? विलायती तपकिरी म्हणजे मुंबईहून, की आमच्या भुसावळातून? रेल्वेतले गोरे, अँग्लो-इंडियन लोक बदली होऊन जाताना सामान विकून जायचे, खुर्च्या, दिवे, बूट. आजोबांनी एक टेबल तसंच घेतलं होतं, अजून आहे.

---

तापीकाठ

भुसावळ_जंक्शन, तुमचा प्रतिसाद वाचून काल आईला फोन लावला. आम्हाला लहानपणापासून सांगितलंय की आप्पांनी बूट मुंबईला फोर्टातल्या दुकानात माप देऊन करून घेतले. गावातही तीच गोष्ट. आई आधी म्हणाली, "आता काय करतो विचारून." मग हसायला लागली.

बूट भुसावळचेच निघाले. कुठल्यातरी गार्डाचे, वापरलेले. आत कोणाची तरी अक्षरं कोरलेली होती, ती आप्पांनी कानसाने घासून काढली. आणि बूट मोठे होते. आप्पांचा पाय लहान. आई नवी नवरी असताना तिला एकदा बूट उन्हात ठेवायला सांगितले, तेव्हा तिने हात घालून पाहिलं. पुढे बोटांपाशी जिनिंगमधला कापूस ठासून भरलेला. दर हंगामात नवा भरायचे, म्हणाली, जुना दबून घट्ट व्हायचा. हे आजीला माहीत होतं आणि आईला. बाकी कोणाला नाही.

शेजारच्या म्हातारबुवांना आज हे सांगितलं. ते खूप वेळ हसले. मग आत जाऊन एक जुना खोका घेऊन आले. त्यांच्या वडिलांचे बूट, किंग्स्टनहून आलेले. पुढे वर्तमानपत्राचे बोळे. १९६३ साली इथल्या बस कंपनीने काळ्या आणि आशियाई माणसांना गाडीवर नोकरीला घ्यायला नकार दिला होता, लोकांनी बसवर बहिष्कार टाकला, मग बंदी उठली आणि पहिला गोरेतर कंडक्टर झाला तो एक शीख, रघबीर सिंग. म्हातारबुवांचे वडील त्यानंतर लागले. मुलाखतीला हेच बूट, म्हणाले. मापाचे नव्हते, चुलतभावाचे होते.

---

कानबाईची_लेक

आप्पांचे बूट आता कोणाकडे आहेत?

---

तापीकाठ

धाकट्या काकांकडे, सुरतेला. उधन्याच्या घरात माळ्यावर. काकूने विचारलंय, कापूस काढून टाकू का, त्याला कीड लागते.

---

निळी_पायवाट

काढू नका म्हणावं.